गोऱ्या बाईचा कडू घास

दुष्काळाचं साल होतं. साखर कारखान्यात फिटर असलेल्या आमच्या काकानं टेपरेकॉर्डर आणला आणि भर दुपारी इंग्लंडच्या एका गायिकेची कॅसेट मोठ्यानं लावली. बाईनं असा गळा काढला, की शेजारणी डोळ्याला पदर लावून भाकरी-पिठलं घेऊनच आल्या. मयताच्या घरी चूल पेटत नाही ना! आम्ही सगळे धडधाकट दिसल्यावर त्या भडकल्या. भाकरी मात्र आम्ही तोवर हाणल्या होत्या.

"आत्या, ती रडत न्हाय, गाती," काका शेजारच्या म्हातारीला म्हणाला. "देशोदेशी जाती. लोक उभं राहून टाळ्या वाजिवत्यात."

म्हातारीनं टेपकडं बोट केलं.

"बाई एवढी वरडती, आन् मुडदे टाळ्या वाजिवत्यात? भाकर कुणीच नेत न्हाय?"