याय थोंगबायचा अवेळचा सोंगक्रान

आमच्या गावात याय थोंगबायची सायकल एखाद्या आजाऱ्याच्या दारात थांबली, की आतला माणूस धडपडत उठून बसायचा आणि ओरडायचा, "मी बरा आहे हं! तिला सांगा, अजून वेळ आहे!" मग थोंगबाय सायकल खांबाला टेकवायची आणि बाहेरूनच म्हणायची, "पड रे मेल्या गप! माझं मडकं परत न्यायला आलेय मी." याय म्हणजे आजी. तिला सख्खी नातवंडं दोनच, पण सगळं गाव तिला याय म्हणायचं.

तिचा धंदा मासळी आंबवून विकण्याचा. सोंगखराम नदीची बारीक मासळी मीठ आणि कोंडा घालून ती मडक्यांत मुरवायची. तिच्या घरावरून जाताना नाकाला पदर लावणारी बाईसुद्धा जेवताना तिचीच मासळी मागायची. पण गावाला ती लागायची ती दुसऱ्याच कामासाठी. आमच्याकडे माणूस जायला निघाला की घरचे त्याच्याभोवती बसून, हात जोडून त्याची क्षमा मागतात. कायेने, वाचेने, मनाने काही चुकलं असेल तर पोटात घाल, असं म्हणतात. तो "घातलं" म्हणतो, मग दोन्हीकडचे मोकळे होतात. पण ऐन वेळी लोकांची दातखीळ बसते. पुढे बसून शब्द सांगणारं कुणीतरी लागतं, आणि ते काम थोंगबायचं. माझ्या आजोबांच्या वेळी तीच बसली होती. आधी तिने आजोबांना विचारलं, "दादा, तयार आहात ना? का उद्या येऊ?" आजोबा तशातही हसले होते. विचारल्याशिवाय ती कधी सुरुवात करायची नाही.

मी त्याच गावची, तालुक्याच्या रुग्णालयात नर्स आहे. वान्ना माझं नाव. भाताची कापणी संपत आली तेव्हा थोंगबाय अंगाला खाज सुटते म्हणून माझ्याकडे आली आणि मी तिचे डोळे बघितले. हळदीसारखे पिवळे. आमच्या भागात हे डोळे दिसले की पुढचं कुणाला सांगावं लागत नाही. लिंबू पिळून कालवलेला नदीचा कच्चा मासा, आम्ही त्याला 'कोई' म्हणतो, तो आम्ही पिढ्यान् पिढ्या आवडीने खातो. त्यातून पोटात जाणारा किडा वर्षानुवर्षं यकृताच्या नळीत घर करून राहतो, आणि पुढे कधीतरी तिथे गाठ होते. सरकारी फलक गावोगाव लागलेत. फलकाखाली बसून लोक कोई खातात. थोंगबायचा नवरा याच दुखण्याने गेला होता.

तपासण्या झाल्या आणि गाठ निघाली, चांगली पसरलेली. तिचा मुलगा सानित दूर रायोंग शहरातल्या मोटारींच्या कारखान्यातून धावत आला. मुलगी बुप्पा गावातच असते, ती आधीपासून उशाशी होतीच. सानितने मला आणि डॉक्टर नरुमोनना व्हरांड्यात गाठलं.

"आईला पित्ताचे खडे झालेत असं सांगायचं," तो म्हणाला. "आणि मी तिला खोनकेनच्या मोठ्या रुग्णालयात नेणार. ऑपरेशन करा म्हणणार. जे जे आहे ते सगळं करायचं."

डॉक्टर नरुमोन बँकॉकच्या, वयाने लहान, बोलायला मऊ. त्या म्हणाल्या, "तिथे नेल्यावर काही महिने मिळतीलही, नाही असं मी म्हणत नाही. पण तिथल्या खाटेवरून त्या पुन्हा उठतील का, हे कुणीच सांगू शकणार नाही. म्हणून त्यांना विचारायला हवं."

"विचारलं की ती खचेल! तिच्याकडे आता मनाचं बळ तेवढं उरलंय. तेही तुम्ही काढून घेणार?"

"पोट त्यांचं आहे, सानित. कापायचं की नाही ते त्यांना न विचारता कसं ठरवू मी?"

सानितने माझ्याकडे बघितलं. गावची म्हणून मी त्याची बाजू घेईन, असं त्याला वाटलं असावं. मला त्याचा राग येत होता आणि त्याची दयाही येत होती. आईला वाऱ्यावर सोडणारा मुलगा मी पुष्कळ वेळा पाहिलाय. हा तसा नव्हता. हा आईसाठी जीव टाकत होता, फक्त तिला वगळून. मी म्हटलं, "मी तिच्याशी खोटं बोलणार नाही. तिने विचारलं तर खरं सांगेन. तोवर तुम्ही दोघं ठरवा."

आता पेच असा पडला. खोनकेनला गेली आणि शुद्धीवर आलीच नाही, तर क्षमा मागायची राहून जाईल. तिने गावभर दुसऱ्यांसाठी जे केलं, ते तिचंच राहून जाईल. पण क्षमा मागायला बसलं, की तिला सगळं कळणार. ज्या बाईचा जन्म तेच करण्यात गेला, तिला काय फसवणार? यावर बुप्पाने डोकं चालवलं. नव्या वर्षाला, सोंगक्रानला, आम्ही दर साली वडीलधाऱ्यांच्या हातावर सुगंधी पाणी घालतो आणि तेव्हाही क्षमा मागतोच. शब्द जवळजवळ तेच. त्यात अशुभ काही नाही, सण तो. सोंगक्रान एप्रिलात, आत्ता कुठे थंडी पडू लागली होती. "सांगू की दादाला एप्रिलात रजा नाही, म्हणून या वर्षी लवकर," बुप्पा म्हणाली. सानितला ते पटलं. मला पटलं नाही, पण मी पाणी घालायला वाडगा आणून दिला.

सकाळी वॉर्डात तिच्या खाटेभोवती सगळे बसले. वाडग्यातल्या पाण्यात मोगऱ्याची फुलं तरंगत होती. नातवंडांनी सणाला घालतात तसे फुलाफुलांचे शर्ट घातले होते. शेजारच्या खाटेवरची म्हातारी म्हणाली, "अगंबाई, सोंगक्रान आला? मी इतके दिवस झोपले होते की काय!" सगळे हसले. थोंगबायही हसली, तिने पदर सारखा केला आणि दोन्ही हातांची ओंजळ पुढे धरली.

सानितने पाणी घातलं. मग बुप्पाने. बुप्पाच पुढे बसून शब्द म्हणत होती आणि बाकीचे तिच्यामागे म्हणत होते. कायेने, वाचेने, मनाने, कळत, नकळत, आमचं जे जे चुकलं ते पोटात घाल. इथवर छान झालं. यानंतर सोंगक्रानला एक वाक्य असतं. 'वडा-पिंपळाची सावली होऊन पुढेही आमच्यावर राहा.' जाणाऱ्या माणसाची क्षमा मागताना मात्र ते म्हणत नाहीत. त्याला राहा म्हणून अडवायचं नसतं.

बुप्पा थांबली. तिने तोंड उघडलं आणि मिटलं. सानितने तिला कोपराने ढोसलं. आईच्या तोंडावर 'राहा' म्हणणं तिला जमेना. खडे झालेत, हे खोटं ती इतके दिवस बोलली होती, पण हे तिच्याच्याने बोलवेना.

थोंगबाय ओंजळ तशीच धरून बसली होती. बोटांमधून पाणी गळत होतं.

"पुढचं?" ती म्हणाली.

बुप्पाने मान खाली घातली.

"विसरलीस, की गाळलंस?"

बुप्पाने आईच्या मांडीवर डोकं टेकलं आणि हंबरडा फोडला. सानित म्हणाला, "अगं, विसरली ती! लहानपणापासून धांदरट आहे, तुला माहीत नाही का?"

थोंगबायने माझ्याकडे बघितलं. "वान्ना, पोरांच्या बापाला झालं होतं तेच का?"

"हो, याय. तेच," मी म्हटलं.

तिने ओंजळीतलं उरलेलं पाणी वाडग्यात सोडलं, हात पुसले आणि भिंतीकडे तोंड करून निजली. ती काही देवी नव्हे. भयंकर रागावली होती. दिवसभर मुलांशी एक शब्द बोलली नाही, बुप्पाने आणलेली पेजही घेतली नाही. दुपारी मी सलाईन बदलायला गेले, तेव्हा माझ्यावरच उखडली.

"खरं सांगू? कालपर्यंत मला खडेच वाटत होते. म्हणजे मी वाटून घेत होते. नखं पिवळी दिसतात ना मला, मी काय आंधळी आहे? पण म्हटलं, पोरं म्हणतायत तर असतील खडे." तिने चादर बाजूला सारली. "त्याचं नाही गं काही. मी गावातल्या एकेकाला विचारत आले, बाबा, तयार आहेस का? आणि माझ्या वेळेला माझीच पोरं व्हरांड्यात जाऊन आपापसात ठरवतात. मी काय मडकं आहे, इथून उचलून तिथे ठेवायला?"

मला रडू आलं, ते मी लपवलं नाही. तिनेच मला पदर दिला डोळे पुसायला.

दुसऱ्या दिवशी डॉक्टर नरुमोन खाटेजवळ स्टूल ओढून बसल्या. सानित आणि बुप्पा पायथ्याशी उभे होते. डॉक्टरांनी हळूच विचारलं, "आजी, तुमच्या दुखण्याबद्दल तुम्हाला किती सांगितलेलं आवडेल?"

थोंगबाय मला म्हणाली, "ही लेक काय विचारतेय? दुखणं माझं, मग मला नाही सांगायचं तर कुणाला, नदीला?"

मग तिने एकेक विचारायला सुरुवात केली. ऑपरेशन केलं तर गाठ जाईल का? नाही. दुखेल का? दुखेल, पण त्यावर तोंडाने घ्यायचं औषध आहे, ते घरीही देता येतं. श्वास लागेल का? शेवटी लागू शकेल, त्यावरही तेच औषध उपयोगी पडतं. खोनकेनला गेले तर चालत घरी येईन का? डॉक्टर म्हणाल्या, "मला नाही वाटत, आजी. पण मी चुकूही शकते."

"चुकू शकते म्हणालीस, हे बरं केलंस," थोंगबाय म्हणाली. "मला घरी न्या."

सानित पेटला. "घरी नेऊन काय करू? बघत बसू? सगळं गाव म्हणेल, सानितने आईला मरायला घरी आणली! बाहेर कमावतो आणि आईचा उपचार करत नाही!" आमच्याकडे आईबापांचे उपकार विसरणारा म्हणून नाव पडणं, याहून वाईट शिवी नाही. त्याचं भय खोटं नव्हतं.

तिने त्याला जवळ बोलावलं. पण उत्तर दिलं नाही, नुसता त्याचा हात धरून ठेवला. उत्तर तिने घरी गेल्यावर दिलं, आणि तेही त्याला नाही, गावाला दिलं. खांबांवर उभ्या घराखालच्या सावलीत तिची बाज टाकली होती. बघायला येईल त्याला ती आधी तेच ऐकवायची. "आमचा सानित मला खोनकेनला न्यायला निघाला होता. गाडीसुद्धा ठरवली होती. मीच नाही म्हटलं. नीट ऐकलंस ना? आता जा आणि त्या नाक्यावरच्या चहाटळ बाईला सांग, म्हणजे मला ओरडायला नको." लोक हसायचे आणि जाऊन खरंच सांगायचे. सानित मागे कोंबड्यांना दाणे टाकत ऐकत असायचा.

एकदा तिने कोई मागितली. बुप्पाने घाबरून मला फोन केला. मी म्हटलं, दे. तिने दोन घास खाल्ले, डोळे मिटून, चवीने. मग ताट झाकलं आणि सगळ्यांना दरडावलं, "खबरदार कुणी हात लावलात तर. तुम्हाला अजून जगायचंय."

मी एक दिवसाआड जाऊन औषध बघून यायचे. ती वाळत चालली होती, पण कण्हत नव्हती. मुलांशी तिचं गोडीगुलाबीचं चाललं होतं. नातवंडं तिच्या बाजेखाली खेळायची.

मग एका दुपारी मी गेले तेव्हा श्वास लागलेला होता. डॉक्टरांनी सांगितलं होतं तसाच, पण सांगितलेलं ऐकणं वेगळं आणि आईची छाती तशी वरखाली होताना बघणं वेगळं. मी औषधाचे थेंब जिभेखाली सोडले. बुप्पा पाय चोळत होती. सानित फोन हातात घेऊन उभा होता, रुग्णवाहिकेचा नंबर काढून.

"वान्ना, मला हे बघवत नाही," तो म्हणाला. "नेऊ या. श्वासाची नळी घालू देत. मागाहून काय व्हायचं ते होऊ दे. सांग ना, लावू का?"

मी काय सांगणार? तिने नाही म्हटलं होतं, शुद्धीत, विचार करून, सगळ्यांसमोर. तो फोन लावायला गेला असता तर मी आडवी आले असते, इतकं मला नक्की माहीत होतं. तेवढ्यात थोंगबायने डोळे उघडले. तिने सगळं ऐकलं होतं. बोलायला तिला एकेक श्वास गोळा करावा लागत होता.

"सानित."

तो गुडघ्यांवर बसला.

"तुला... सोसत नसेल... तर ने मला." ती थांबली, पुन्हा श्वास घेतला. "मी... रागावणार नाही."

मी थक्क झाले. इतकं झगडून तिने जे मिळवलं होतं, ते ती मुलासाठी सोडायला निघाली होती. मला तोंड उघडायचं होतं, पण तिने माझ्याकडे बघितलंच नाही. ती मुलाकडेच बघत होती.

सानितने फोन जमिनीवर ठेवला आणि बाजेवर चढून आईला पाठीमागून उचलून आपल्या छातीशी टेकवून धरलं. उठून बसवल्यावर तिला श्वास जरा सोपा झाला. बुप्पा पंखा हलवू लागली.

ऊन उतरत आलं तेव्हा तिने डोळे न उघडता विचारलं, "लागला का रे फोन?"

"नाही, आई," तो म्हणाला. "लावलाच नाही."

"दमशील," ती म्हणाली. "बुप्पाला धरू दे थोडा वेळ."

"नाही दमत," सानित म्हणाला, आणि त्याने तिला शेवटपर्यंत खाली ठेवलं नाही.