अर्ध्या ओळी वाचणारा क्लेमंट

क्लेमंट रेबोल्ड स्वतः फारसा बोलत नसे, पण पोट भरत होता तो शब्दांवरच. बर्मिंगहॅमच्या स्टर्चली भागात, एकमेकींना चिकटून उभ्या असलेल्या विटांच्या घरांच्या रांगेत तो थोरल्या बहिणीबरोबर, एनिडबरोबर, राहायचा. लग्न दोघांचंही झालं नव्हतं. आई गेली तेव्हा क्लेमंट शाळेत होता. एनिडने चॉकलेटच्या कारखान्यात नोकरी धरली आणि धाकट्या भावाला वाढवलं, शिकवलं. तो इंग्रजीचा मास्तर झाला, पोरांच्या गोंगाटाने जेरीस आला, आणि पन्नाशीला टेकल्यावर मास्तरकी सोडून विद्यापीठाच्या कडेच्या एका जुन्या, गारठलेल्या बंगल्यात शब्दकोशाच्या कामावर रुजू झाला.

"म्हणजे दिवसभर करतोस काय तिथे?" शेजारच्या डॉटने त्याला एकदा विचारलं होतं. डॉट बेव्हिंग्टन म्हणजे एनिडची कारखान्यातली मैत्रीण. मागच्या दाराने यायची आणि खुर्ची ओढून घ्यायची, विचारायची पद्धत नव्हती.

"वाचतो," क्लेमंट म्हणाला.

"पुस्तकं?"

"ओळी. अर्ध्या ओळी."

"ऐकलंस का गं एनिड? अख्ख्या ओळीचे पैसे घेतो आणि अर्धी वाचतो!"

त्याने खरं तेच सांगितलं होतं. त्या बंगल्यातल्या लोकांनी पुस्तकं, वर्तमानपत्रं, मासिकं, जे मिळेल ते संगणकात भरून ठेवलं होतं. एखादा शब्द मागितला की तो जिथे जिथे आला असेल तिथली ओळ संगणक छापून द्यायचा. कडेला भोकं असलेल्या रुंद कागदाच्या चळती सकाळी ढकलगाडीवरून यायच्या. पानाच्या मधोमध वरपासून खालपर्यंत तोच एक शब्द, आणि त्याच्या डाव्या-उजव्या बाजूला मध्येच तुटलेली वाक्यं. कोण बोललं, कुणाला बोललं, पुढे काय झालं, काही कळायचं नाही. त्या तुकड्यांवरून शब्दाचा अर्थ लावायचा, हेच काम.

"स्वतःच्या डोक्यावर विश्वास ठेवू नका," असं त्यांची मुख्य संपादक नेस्टा प्यू नव्या माणसाला पहिल्याच दिवशी बजावायची. वेल्सची बाई, आवाज खणखणीत. "आपण काय बोलतो असं आपल्याला वाटतं ते वेगळं आणि आपण खरं काय बोलतो ते वेगळं. कागद सांगेल ते लिहा."

क्लेमंटला हे मनापासून आवडलं होतं. माणसं समोर नसताना त्यांचं बोलणं ऐकायचं, आणि उत्तर द्यायची पाळी आपल्यावर येत नाही.

नेस्टाची एक तक्रार मात्र कायमची होती. लिहिलेलं इंग्रजी ढिगाने मिळत होतं, पण बोललेलं फार थोडं. सभा-भाषणं नकोत, तिला स्वयंपाकघरातल्या गप्पा हव्या होत्या. क्लेमंटने चहाच्या वेळी हळूच बहिणीचं नाव सुचवलं.

"मला मशीनमध्ये घालणार?" घरी हे ऐकून एनिड हसून हसून ओट्याला टेकली. "बिघडेल हो ते! भरपाई कोण देणार?"

तरी ती तयार झाली. टेबलावर ध्वनिमुद्रक ठेवला, समोर डॉटला बसवलं, आणि दोघी दोन दुपारी ज्या सुटल्या त्या सुटल्याच. ओलीने बुरशी धरलेली भिंत, डॉटचा जावई, मटाराबरोबर कुठल्या खाटकाचं काय चांगलं लागतं, कालव्यात सापडलेली सायकल. बंगल्यातल्या टंकलेखक मुलींनी ते सगळं ऐकून टंकलं, नियमाप्रमाणे एनिडचं नाव काढून तिथे फक्त 'बाई' असं लिहिलं, आणि ती त्या अफाट ढिगात मिसळून गेली. क्लेमंटने तो मजकूर तेव्हा वाचलाही नाही. घरी रोज कानावर पडत होतंच की.

त्याच हिवाळ्यात त्याच्या वाट्याला 'माइंड' हा शब्द आला. माइंड म्हणजे मन, हे शाळेतलं पोरही सांगेल, आणि जुन्या कोशांतही पहिला अर्थ तोच होता. पण कागद वेगळंच सांगत होते. माणसं बोलतात तेव्हा त्यात मनाचा पत्ताच नसतो. 'पायरीकडे लक्ष द्या', 'माझी काही हरकत नाही', 'खिडकी उघडली तर चालेल ना', हे सगळं त्या एका शब्दावर चाललेलं. आणि सगळ्यांत जास्त 'नेव्हर माइंड': जाऊ दे, असू दे. हे दोन शब्द नव्हेतच, असं क्लेमंटने टिपणात लिहिलं. तोंडातून ते एकदम, सबंध बाहेर पडतात, त्यांचे तुकडे करून अर्थ लागत नाही.

तो हे टिपण लिहीत असताना डॉटचा फोन आला. एनिड मोरीपाशी कपडे पिळताना कोसळली होती.

इस्पितळात त्याने पाहिलं तेव्हा तिचा उजवा हात चादरीवर दुसऱ्या कुणाचा असावा तसा पडला होता. तोंड एका बाजूला ओघळलेलं. त्याला पाहून तिचे डोळे भरले. ओठ हलले, घशातून आवाज आला, पण शब्द होईना. मग अगदी स्वच्छ, नेहमीच्या सुरात ती म्हणाली, "जाऊ दे."

तेच ते 'नेव्हर माइंड'. क्लेमंटला हायसं वाटलं. बोलतेय की! पण पुढच्या कित्येक दिवसांत तिच्या तोंडून तेवढंच निघालं. पाणी हवं असलं तरी जाऊ दे. नर्सने सुई टोचली तरी जाऊ दे. राग आला, की तेच दात आवळून.

वाचा परत आणायला येणाऱ्या फॅरंटबाईंनी त्याला बाजूला घेतलं. "त्यावर फार आशा बांधू नका, मिस्टर रेबोल्ड. हे तोंडात घट्ट बसलेले शब्दप्रयोग असतात, शिव्या, प्रार्थना, आठवड्याचे वार. ते उरतात. पण त्यातला एकच शब्द सुटा म्हणा म्हटलं, तर जमत नाही."

"मला ठाऊक आहे," क्लेमंट म्हणाला. "ते दोन शब्द नाहीतच."

बाईंनी त्याच्याकडे चमकून पाहिलं.

घरी आणल्यावर सकाळी डॉट तिच्यापाशी बसे आणि दुपारपासून तो. एका दुपारी डॉटने बशी पुढे करत सहज म्हटलं, "घे, घोटभर..." आणि शब्द सापडेना म्हणून थांबली, तशी एनिड म्हणाली, "चहा." क्लेमंटने हातातली किटली खाली ठेवली. मग डॉट रडायला लागली.

दुसऱ्या दिवशी क्लेमंट नेस्टाच्या दारात उभा राहिला. "मला एका बोलणाऱ्या व्यक्तीचा सगळा मजकूर हवाय. स्टर्चलीची बाई."

"कामासाठी?"

"नाही."

नेस्टाने फार विचारलं नाही. "घेऊन जा," म्हणाली.

एनिडचं दोन दुपारचं बोलणं क्लेमंटने पहिल्यांदा सबंध वाचलं. बसमध्ये वाचलं, उतरायचा थांबा चुकला. ती कशाकशावर हसते, कुठल्या शब्दाशी कुठला शब्द जोडते, हे तिच्यासमोर इतकी वर्षं जेवूनही त्याने पाहिलं नव्हतं. तिच्या वाक्यांचे सुरुवातीचे अर्धे भाग त्याने उतरवून घेतले आणि तिच्यासमोर बसून एकेक म्हणू लागला.

"हाडात शिरते ही मेली..."

"थंडी."

"डॉटचा जावई म्हणजे नुसता..."

"दगड!"

ती स्वतःशीच हसली, अर्ध्या तोंडाने. रोज चार-दोन शब्द वाढत गेले. फॅरंटबाईही खूश होत्या, त्यांनी त्याची अर्धी वाक्यं दुसऱ्या रुग्णांसाठी मागून नेली. कामावर क्लेमंट चक्क शीळ घालतो, असं कुणीतरी नेस्टाला सांगितलं.

पण हळूहळू एनिडचा चेहरा बदलायला लागला. तो कागद घेऊन बसला की ती खिडकीकडे बघायची. उत्तर द्यायची, बरोबर द्यायची, पण पाढे म्हणावेत तसं. दुसऱ्याने सुरू केलेलं वाक्य ती पुरं करू शकत होती. स्वतः एकही सुरू करू शकत नव्हती. आणि पुरं करायची ती वाक्यंही जुनीच, तिचीच, एकदा बोलून झालेली.

"पुरे कर रे आता," डॉट त्याला मोरीपाशी दबक्या आवाजात म्हणाली. "शाळा मांडलीयेस तिची."

"सुधारतेय ती."

"तिला बोलायचंय, क्लेम. तू तिला म्हणायला लावतोस."

फेब्रुवारी संपत आला असताना, एका दुपारी, एनिडने त्याच्या हातातले कागद डाव्या हाताने बाजूला सारले. त्याचं मनगट पकडलं. तिला काहीतरी सांगायचं होतं. "तू..." ती म्हणाली. 'जाऊ दे' सोडलं तर तिच्या तोंडून आपणहून निघालेला तो पहिला शब्द होता. "तू... ते..."

क्लेमंट पुढे वाकला. आणि जे काम तो रोज करत होता तेच त्याने केलं. "तू थकलायस?"

तिने मान हलवली. नाही.

"तू घरी थांब? तू कामावर जा? तू जेवलास का? तू ते बंद कर?"

नाही. नाही. 'तू'च्या पुढे माणसं काय काय म्हणतात ते त्याला दुसऱ्या कुणाहीपेक्षा जास्त माहीत होतं. जे वारंवार येतं ते आधी, विरळा येतं ते नंतर, अशा क्रमाने तो म्हणत गेला. एनिड प्रत्येकाला मान हलवत राहिली, आधी आशेने, मग घाईने. कपाळावर घाम आला. 'तू ते' एवढंच पुन्हा पुन्हा. तो थांबून वाट बघेल तर ना. वाक्यांची एकामागून एक शेपटं तो तिच्या तोंडात कोंबत होता. शेवटी तिने त्याचं मनगट सोडलं. डोळ्यांतून पाणी ओघळलं, ते तिने पुसलंही नाही.

"जाऊ दे," ती म्हणाली.

दुसरा झटका त्याच आठवड्यात आला. त्यातून ती उठली नाही. लॉजहिलच्या स्मशानभूमीत कारखान्यातल्या बायका आल्या होत्या, कारखान्याच्याच बँडमधला एक म्हातारा आला होता. नेस्टाही आली होती.

क्लेमंट कामावर परतला. 'माइंड'ची नोंद दुसऱ्याच कुणीतरी पुरी केली होती. नेस्टानेच ती देऊन टाकली होती, त्याला न विचारता. त्याला बरंच वाटलं. काही वर्षांनी कोश छापून झाला, वर्तमानपत्रांत बरं छापून आलं, माणसं पांगली, बंगल्यात दुसरं कुठलं तरी खातं आलं. क्लेमंट निवृत्त झाला. या काळात त्याच्यात एकच बदल लोकांनी पाहिला. समोरचा बोलताना अडला, शब्द शोधू लागला, की बाकीचे त्याला तो पुरवायचे. क्लेमंट पुरवायचा नाही. गप्प बसून राहायचा, कितीही वेळ लागो. काहींना ते विचित्र वाटायचं, काहींना उद्धटपणाचं.

डॉट अजून मागच्या दाराने येते. आता काठी घेऊन.

"मला वाटतं," ती एकदा म्हणाली, "'तू ते जाकीट टाकून दे' असं म्हणायचं असेल तिला. तुझं ते करडं जाकीट कधी आवडलं नाही तिला."

"असेल."

"नाहीतर लग्नाचं. तू ते लग्न का नाही केलंस, तिच्यामुळे ना, असं. बोलायची कधीकधी माझ्यापाशी."

क्लेमंटने कप खाली ठेवला. मग म्हणाला, "काय बोलायची?"

डॉटने तोंड उघडलं. तिला आठवेना, ती चाचपडू लागली. म्हातारपणी आता तिचंही असं व्हायचं. "ती म्हणायची की... ती अशी म्हणायची, क्लेम, की..."

तो टेबलाशी बसून राहिला. बाहेर अंधारून आलं, मागच्या गल्लीतून कुणीतरी कोळशाची बादली फरफटत नेली. डॉटने शेवटी नाही म्हणून मान हलवली आणि थंड झालेला चहा संपवला.