ज्योला आलेलं पान

दादरला पोर्तुगीज चर्चच्या मागच्या गल्लीत व्हायोलेट डिमेलोचं सगळं आयुष्य गेलं. जन्म तिथलाच, आणि लग्नही दोन इमारती सोडून राहणाऱ्या ज्योशी. ती दातांच्या एका डॉक्टरांकडे रिसेप्शनवर बसायची. दाढ काढायला आलेल्या माणसालाही बोलता बोलता हसवायची. ज्यो गोदीत क्रेन चालवायचा. मूलबाळ झालं नाही. त्याचं दुःख दोघांनी करायचं तेवढं केलं, आणि मग रविवारी घर माणसांनी भरून टाकायची सवय लावून घेतली.

रिटायर झाल्यावर ज्यो विसरायला लागला. आधी चष्मा, मग शेजाऱ्यांची नावं, मग माटुंग्याच्या बाजारातून घरी यायचा रस्ता. डॉक्टरांनी आजाराचं नाव सांगितलं त्या दिवशी टॅक्सीत त्याने तिचा हात घट्ट धरला.

"लॅन्सला सांगू नकोस. लहानपणापासून तो माझ्याकडे मान वर करून बघतो. त्याच्या डोळ्यांत मला कीव नको."

लॅन्स त्याचा धाकटा भाऊ, सायनला राहणारा. व्हायोलेटने शब्द दिला आणि तिथून तिची फरफट सुरू झाली. ज्यो झोपलाय, ज्योचा घसा बसलाय, ज्यो आंघोळीला गेलाय. लॅन्सचा फोन आला की ती नवं कारण शोधायची.

ईस्टरनंतरच्या एका रविवारी लॅन्स बायकोला, कॅरिसाला, आणि दोन मोठ्या मुलांना घेऊन जेवायला आला. समोरच्या दारातली कालिंदीही होती. जेवण झाल्यावर लॅन्सने पत्त्यांचा जुना डबा काढला. वर्षानुवर्षं या घरात चालत आलेला खेळ. प्रत्येकाला एक पान, त्यावर तो कोण ते लिहिलेलं. एकजण खुनी, एकजण पोलीस, बाकीचे साधे नागरिक. सगळ्यांनी डोळे मिटायचे, खुन्याने गुपचूप बोट दाखवून एकाला मारायचं, आणि मग वादावादी करून खुनी ओळखायचा. ज्यो यात एक नंबरचा लबाड. खुनी असला की डोळ्यांत पाणी आणून शपथा घ्यायचा.

"आज नको रे, त्याचं डोकं दुखतंय," व्हायोलेट म्हणाली.

"कोण म्हणतं? वाट पानं," ज्यो म्हणाला. तो खुशीत होता. तिला पुढे काही बोलता येईना.

"शहर झोपलं," खेळ चालवणाऱ्या लॅन्सने जाहीर केलं. "खुनी, डोळे उघड."

डोळे मिटून व्हायोलेट मनातल्या मनात हेल मेरीची प्रार्थना म्हणत होती. ज्योला पोलिसाचं आलेलं असू दे, नागरिकाचं असू दे, खुन्याचं तेवढं नको.

"सकाळ झाली. कालिंदी गेली बिचारी!"

सगळे ओरडले. मेलेल्याने बोलायचं नसतं, म्हणून कालिंदी हसत उठली आणि कुकर लावून येते अशी खूण करून आपल्या घरी गेली. तिची खुर्ची रिकामी राहिली.

ज्यो त्या खुर्चीकडे बघत राहिला. मग त्याने हातातलं पान बघितलं, आणि त्याचा चेहरा पांढराफटक पडला.

"कालिंदी गेली? कशी गेली?"

"खून झाला तिचा," लॅन्सचा मुलगा म्हणाला.

"मी केला?" ज्योने पान सगळ्यांसमोर टाकलं. "इथे लिहिलंय. मीच केला."

हास्याचा स्फोट झाला. लॅन्सने टाळ्या वाजवल्या. "बघा, याला म्हणतात अ‍ॅक्टिंग! स्वतःच कबूल करतो, म्हणजे कोणाला खरं वाटू नये!"

ज्यो शर्टाला हात पुसत होता. पुन्हा पुन्हा, जोरजोरात. "व्हायो, ती आपल्याला पापड द्यायची ना? मी तिला का मारलं?"

व्हायोलेटला दिलेला शब्द आठवत होता. पण समोर तिचा नवरा थरथरत होता आणि सगळं घर हसत होतं.

"हसू नका!" ती किंचाळली. "नाटक नाही करत तो. त्याला खरंच वाटतंय. आजारी आहे तो, लॅन्स. वर्ष झालं."

लॅन्सचे हात टाळी वाजवता वाजवता तसेच राहिले. कॅरिसा धावत जाऊन कालिंदीला घेऊन आली. "अहो ज्यो, मी आहे की, हे बघा," असं म्हणत कालिंदीने त्याचे दोन्ही हात हातात घेतले, तेव्हा कुठे तो शांत झाला. संध्याकाळी त्याला खेळलेलंही आठवत नव्हतं. व्हायोलेटला वाटलं, सुटलो.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती आंघोळ करून बाहेर आली तर दार उघडं, ज्यो नाही. ती ओल्या केसांनी चर्चमध्ये गेली, फुलबाजारात गेली, दिसेल त्याला विचारत प्लाझा टॉकीजपर्यंत गेली. लॅन्सला फोन करून रडत रडत एवढंच सांगितलं, ज्यो हरवलाय. शेवटी हरवल्याची तक्रार द्यायला ती पोलीस ठाण्यात शिरली, आणि समोर बाकावर ज्यो बसला होता. पायात चप्पल नव्हती. दोन्ही मनगटं त्याने पुढे धरली होती.

"मॅडम, हे तुमचे का?" प्रिती नावाच्या कॉन्स्टेबलने हळूच विचारलं. "अंकल म्हणतात खून केलाय. कोणाचा, ते आठवत नाही. बेड्या घाला म्हणतात."

व्हायोलेटने खूप समजावलं. फोन करून बोलावल्यावर लॅन्स आणि कालिंदीही आले. ज्योने कालिंदीला नमस्कार केला आणि म्हणाला, "तुम्ही नाही हो. मेलं ते दुसरंच कोणीतरी." खेळ गेला, पान गेलं, कालिंदीचं नावही गेलं. आपल्या हातून भयंकर काहीतरी झालंय, एवढंच उरलं होतं, आणि ते पुसायला कोणाकडे काही नव्हतं.

लॅन्सने भावाला खांद्याला धरून घरी आणलं. मग दिवसभर लॅन्स गॅलरीत पाठ करून बसून राहिला. त्याच्या डोळ्यांत नेमकं काय होतं ते व्हायोलेटने बघितलं नाही. बघायची तिची हिंमत झाली नाही.

अजूनही काही सकाळी ज्यो उठून बसतो आणि विचारतो, "व्हायो, पोलीस आले का?" आधी ती शपथा घ्यायची, कोणी मेलं नाही म्हणून सांगायची. तो आणखी घाबरायचा. आपल्यापासून लपवतात असं त्याला वाटायचं. आता ती शेजारी बसते आणि त्याचे हात मांडीवर घेते.

"आले तर मी पण येईन तुझ्याबरोबर," ती म्हणते.

कधी कधी तेवढ्याने तो पुन्हा आडवा होतो. कधी कधी नाही होत.