ब्रिस्टलचे अल्फासिन्या

या जगात माझ्यावर सगळ्यात जास्त उपकार कोणाचे असतील, तर ते ब्रिस्टलच्या माझ्या घरमालक काकांचे. आणि या जगात पत्ता विचारायला सगळ्यात चुकीचा माणूस कोण असेल, तर तेही तेच. दोन्ही गोष्टी मी अनुभवाने सांगतो. परभणी जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी जिनिंगमध्ये हमाली करणाऱ्या बापाचा मी मुलगा, घराण्यात पदवी मिळवणारा पहिला. पुण्याच्या कंपनीने मला विमानाच्या पंखांची गणितं करायला ब्रिस्टलला पाठवलं, तेव्हा नवं शतक लागून तीन-चार वर्षं झाली होती. माझं गणित पक्कं होतं आणि इंग्रजी फक्त लिहिण्यापुरतं. मीटिंगमध्ये माझी पाळी आली की घसा बंद. तीन महिन्यांत साहेबांनी परत पाठवण्याची भाषा सुरू केली. काकांच्या माडीवरच्या खोलीत मी तेव्हा नुकताच भाडेकरू म्हणून आलो होतो. त्यांना हे कळलं, तेव्हा त्यांनी एका शब्दाने उपदेश केला नाही. रोज संध्याकाळी सात वाजता ते टाय लावून डायनिंग टेबलाच्या टोकाला बसायचे आणि म्हणायचे, "बोल. मी तुझा मॅनेजर आहे, आज फ्रायडे आहे आणि मला चारला घरी जायचंय. दोन मिनिटांत काय ते सांग." मी अडखळलो की ते घड्याळाकडे बघून खोटी जांभई द्यायचे. दीड महिना हे चाललं. माझी नोकरी टिकली, पुढे कायम झाली, गावी वडिलांच्या पाठीवरची पोती उतरली. हे सगळं त्या जांभईमुळे झालं. एवढे उपकार डोक्यावर असताना मी आता त्यांची टिंगल करणार आहे.

काका तरुणपणी इकडे आले, विमानांच्या कारखान्यात ड्राफ्ट्समन म्हणून आयुष्यभर रेघा मारल्या आणि निवृत्त झाले. काकू जाऊन पाच वर्षं झाली होती. एकुलती एक मुलगी, म्हणजे ताई, लंडनच्या कडेला पिनरला, तिथेच त्यांचा संसार. आदल्या हिवाळ्यात काका दारासमोरच्या उतारावर बर्फावरून घसरले आणि मनगट मोडून बसले, तेव्हापासून ताईंचा दर रविवारी एकच फोन: बाबांनी हे तीन मजल्यांचं घर विकावं आणि पिनरला तळमजल्यावरच्या खोलीत राहायला यावं. काकांचं म्हणणं असं की पिनर ही राहायची जागा नसून ट्यूबचं एक स्टेशन आहे, आणि स्टेशनवर माणसाने फार तर वीस मिनिटं काढावीत. ब्रिस्टल सोडणार नाही, हा त्यांचा शेवटचा शब्द. तो त्यांनी माझ्यासमोरच साधारण पन्नास वेळा उच्चारला.

आपल्या लोकांचा त्यांना एकच राग होता. मंडळाच्या गणपतीत दोन मराठी माणसं समोरासमोर आली की प्लेटमध्ये मोदक पडायच्या आत प्रश्न येतो, "मूळचे कुठले?" काका शांतपणे सांगायचे, "ब्रिस्टल." विचारणारा हसून म्हणायचा, "हो हो, पण मूळचे?" "नंबर अठ्ठावीस." "तसं नाही हो, त्याच्या आधी?" "त्याच्या आधी नंबर बत्तीस. भाड्याने होतो." पुण्याहून नव्याने आलेल्या सॉफ्टवेअरवाल्या मुलांना वाटायचं, म्हातारा विनोदी आहे. म्हातारा विनोदी मुळीच नव्हता. चार वर्षांत काकांचं मूळ गाव मला कळलं नाही, आणि मी तर त्यांच्या हातची आमटी खाणारा माणूस.

या रागातच त्यांना तो शब्द सापडला. आमच्या रस्त्याच्या कोपऱ्यावर एका पोर्तुगीज बाईंचं कॅफे होतं. बाई लिस्बनच्या. त्या एकदा बोलता बोलता म्हणाल्या की लिस्बनच्या माणसांना पोर्तुगालमध्ये लेट्यूसच्या पाल्यावरून ओळखतात, अल्फासिन्या म्हणतात, म्हणजे छोटंसं लेट्यूस. पुरुष असो की बाई, शब्द तोच. कोणी सांगतं, त्या टेकड्यांवर लेट्यूस फार पिकायचं. कोणी सांगतं, शहराला वेढा पडला तेव्हा लोक तेवढंच खाऊन तगले. खरं काय ते कोणालाच ठाऊक नाही. पोर्तो शहरातल्या लोकांना तर आतडीखाऊ म्हणतात आणि तेही छाती काढून ते नाव मिरवतात. काका त्या दिवशी कॉफी अर्धी टाकून घरी आले. मला जिन्यातच गाठून म्हणाले, "अरे, काय लोक आहेत बघ. बटाटा आपण त्यांच्याकडून घेतला, कोबी घेतला, पाव, साबण, चावी घेतली. पगारसुद्धा त्यांचा. आणि नेमका हा एक शब्द बोटीत विसरून आलो."

आता हा विसरलेला शब्द मराठीत आणायची जबाबदारी त्यांच्यावर आली. त्यासाठी त्यांनी ड्रॉइंग ऑफिसच्या सवयीने एक वही आखली: डावीकडे अर्थ, उजवीकडे वापर. पहिली अडचण खुद्द कॅफेवाल्या बाईंनीच आणली. त्या म्हणाल्या, तो शब्द फक्त लिस्बनसाठी आहे, ब्रिस्टलच्या माणसाला तो लावता येत नाही. शिवाय खरा अल्फासिन्या आजी-आजोबांपासून तिथला हवा, त्याला आमच्याकडे अंड्याच्या पिवळ्या बलकातला म्हणतात. "माझे आजोबा खेड्यातून आले," त्या कप पुसत म्हणाल्या, "त्यामुळे तिथल्या जुन्या घरांतले लोक मलाही धरत नाहीत." काका दोन दिवस अस्वस्थ होते. म्हणजे तिथेही मूळचे कुठले आलंच. तिसऱ्या दिवशी त्यांनी निकाल दिला, "शब्द फार कच्चा आहे. आपल्याकडे घ्यायचा तर जरा शिजवून घ्यावा लागेल." लिस्बनमध्ये जन्मलेल्या बाईला तिच्याच शब्दाचा अर्थ समजावून सांगायला ते पुढचा महिनाभर रोज अकरा वाजता जात होते. बाई ऐकून घेत. गिऱ्हाईक रोजचं होतं.

शिजवलेला अर्थ असा: अनोळखी माणूस ज्याला आपण होऊन रस्ता विचारतो, तो त्या शहराचा अल्फासिन्या. पासपोर्ट, घराची कागदपत्रं, जन्माचा दाखला, यातलं काही चालणार नाही. "घरपट्टी तर कौन्सिल भुताकडूनही घेईल," काका म्हणायचे. उजवीकडच्या रकान्यात त्यांनी सगळा रस्ता निकालात काढला. पोस्टमन अल्फासिन्या. शाळेसमोर मुलांना रस्ता ओलांडून देणारी बाई पक्की अल्फासिन्या. आमचे कौन्सिलर नाहीत, कारण ते निवडणुकीला पत्रकं वाटायला आले तेव्हा त्यांनीच काकांना पुढची गल्ली विचारली. मी तर कुठेच नव्हतो. "तू अजून नकाशा हातात धरून चालतोस. तुला कोण विचारणार?"

पंचाईत एवढीच होती की काकांनाही कोणी विचारत नव्हतं. त्यासाठी त्यांनी घेतलेले कष्ट मी डोळ्यांनी पाहिले आहेत. अंगावर जाड कोट नको, कारण जाड कोटवाला पाहुणा वाटतो. हातात पिशवी हवी, आणि पिशवीतून लीकची, म्हणजे तिकडच्या जाडजूड पातीच्या कांद्याची, हिरवी पात वीतभर बाहेर दिसली पाहिजे. लीक घेऊन कोणी सहलीला जात नाही. अशा थाटात ते मुख्य रस्त्याच्या कोपऱ्यावर अर्धा-अर्धा तास उभे राहायचे. घरात दोघांपुरतं इतकं लीक यायचं की आम्ही त्याची भाजी, भजी, थालीपीठ आणि एकदा भरीतही करून पाहिलं. पण गर्दीतून जो तो बाजूच्या गोऱ्या माणसाला विचारून पुढे जायचा. उलट एकदा एका प्रेमळ इंग्रज आजीबाईंनी काकांचा दंड धरला, "हरवलात का हो?" म्हणाल्या, आणि त्यांना रस्ता ओलांडून एका बसमध्ये बसवून दिलं. काका बसले. दोन स्टॉप गेले, उतरले आणि चढ चढत परत आले. मी विचारलं, तेव्हा म्हणाले, "तिचं मन कशाला मोडायचं?" पुढच्या आठवड्यात स्टेशनचा रस्ता एका मुलीने मलाच विचारला. मी फुशारकीने घरी येऊन सांगितलं. त्या दिवशी मला भात पुन्हा वाढला गेला नाही, आणि वहीत माझं नाव यायला पुढे तीन आठवडे लागले.

क्वचित कोणी विचारलंच, तर त्या माणसाचं काही खरं नसे. काका पत्ता सांगायचे तो पाडलेल्या इमारतींच्या आधाराने. "सरळ जा, सिनेमाशी लेफ्ट घ्या, मग खाटकाच्या दुकानाशी राइट." सिनेमा पाडून तिथे फरशांचं दुकान होऊन वीस वर्षं झाली होती आणि खाटकाच्या जागी मोबाइल विकत होते. एकदा एका व्हॅनवाल्याने विचारलं. तो सिनेमा शोधत तीन वेळा फिरून परत काकांपाशीच आला. तिसऱ्या खेपेला काका लीकसकट व्हॅनमध्ये चढले आणि त्याला मुक्कामावर पोचवूनच उतरले. घरी आले ते लढाई जिंकून आल्यासारखे. मी पोट धरून हसलो.

त्याच दिवशी संध्याकाळी ताईंचा मला फोन आला. काका खाली होते, त्या मुद्दाम माझ्या मोबाइलवर बोलत होत्या. "हाय, मी बाबांची मुलगी. तू घरात असतोस म्हणून विचारते. बाबा कसा आहे? ऑनेस्टली सांग. तो वीकेंडला फोनवर सगळं फाइन फाइन म्हणतात." त्यांचं मराठी असं होतं, काळजी मात्र सरळ होती. मला त्यांना बरं वाटेल असं काहीतरी सांगायचं होतं, आणि माझ्याकडे ताजी गोष्ट होती. मी व्हॅनची गोष्ट सांगितली. चांगली रंगवून, काकांच्या आवाजात, मध्ये मध्ये हसत. पलीकडे कोणी हसलं नाही. "पण ते सिनेमा तर मी लहान असताना डिमॉलिश झाला," ताई म्हणाल्या. "बाबाला वाटतं ते अजून आहे?" मी म्हणालो, "अहो ताई, त्यांची गंमतच असते." त्या म्हणाल्या, "थँक्स. तू सांगितला ते बरं केलास."

दहा दिवसांनी त्या आल्या, दोन दिवस राहिल्या, काकांना डॉक्टरकडे नेलं. डॉक्टर म्हणाले, या वयात थोडंफार चालायचंच. मुलीजवळ असलेले बरे. काका भांडतील अशी माझी खात्री होती. ते भांडले नाहीत. पन्नास वेळा उच्चारलेला शेवटचा शब्द त्यांनी एकदाही उच्चारला नाही. घर विक्रीला लागलं. जायच्या दिवशी मी त्यांची बॅग भरत होतो आणि ते पलंगाच्या कडेला बसून होते. मला म्हणाले, "काय रे, ती म्हणते, मला ते थिएटर अजून तिथे आहे असं वाटतं. तू रोज बघतोस मला. खरंच वाटत असेल का मला तसं?" मी मान वर केली नाही. बॅगेची चेन अडकली होती, ती ओढत बसलो. "काका, पिनरला हवा चांगली आहे म्हणतात," एवढंच माझ्या तोंडून निघालं. ज्या माणसाने मला बोलायला शिकवलं, त्याला मी हवापाणी सांगितलं.

पुढच्याच महिन्यात मी त्यांना हे पत्र पाठवलं.

तीर्थस्वरूप काकांस साष्टांग नमस्कार.

मी इथे ठीक आहे. घर बघायला दोन जोडपी येऊन गेली. त्यातल्या एकाने पसंत केलंय, पण कागदांवर सह्या व्हायला अजून अवकाश आहे.

काल बसमध्ये मागच्या सीटवर एक म्हातारे इंग्रज गृहस्थ नातवाला फोनवर सांगत होते, सिनेमाशी उतर आणि डावीकडे वळ. मी मागे वळून विचारलं, सिनेमा कुठे आहे? ते म्हणाले, नाहीये, कधीच पाडला, पण त्या कोपऱ्याला सगळे सिनेमाच म्हणतात. बसमधल्या आणखी दोघांनी माना डोलावल्या. त्यांना कोणी डॉक्टरकडे नेलेलं दिसलं नाही.

काका, तुम्ही जाताना मला एक विचारलं होतं, त्याचं उत्तर मी दिलं नाही. ते आज देतो. तुम्हाला तसं वाटत नाही. व्हॅनच्या दिवशी घरी येऊन तुम्हीच मला सांगितलं होतं, की त्या व्हॅनवाल्या गाढवाला फरशांचं दुकान तीनदा दिसलं, पण त्या जागी पूर्वी काय होतं ते माहीत नाही. तुमचं डोकं शाबूत आहे. ताईंना सिनेमाची गोष्ट मी सांगितली होती, आणि हे तुमचं वाक्य मी त्यातून गाळलं होतं, कारण त्याशिवाय गोष्ट जास्त रंगत होती.

काल रात्रीच मी ताईंना फोन करून हे सगळं सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं. बाबाने स्वतः नको म्हटलं तर घर विकणार नाही, असं त्या म्हणाल्या. तेव्हा आता ते तुमच्याच हातात आहे. त्या माझ्यावर रागावल्या नाहीत. एवढंच म्हणाल्या, "पण तू तेव्हा हसत होतास ना, म्हणून मी घाबरले. मला वाटलं, लोक बाबांना हसायला लागले."

खरं आहे काका. मी हसत होतो.

आपला,
माडीवरचा