अंधार पडायच्या आत

दहावीला विज्ञानात चांगले मार्क पडले, तेव्हा वडील मला म्हणाले, "तुज्या मनानं घे काय घ्यायचं ते. फकस्त अंधार पडायच्या आत घरी ये."

एवढी साधी अट. पण सायन्सची प्रॅक्टिकलं पाचला सुटायची आणि पाथर्डीहून आमच्या गावाकडची शेवटची एस.टी. साडेचारलाच निघायची. त्यानंतर फक्त जीपा, मागं माणसं लोंबकळणाऱ्या. त्यात पोरीला कोण बसवतंय? मी गुपचूप आर्ट्स घेतलं. घरात कुणी का म्हणून विचारलंही नाही. पांढरा कोट घालून लॅबमध्ये काम करायची हौस होती, ती मनातच राहिली. बोलून तरी काय, एस.टी. थोडीच थांबणार होती माझ्यासाठी?

आता मी नगरला शाळेत मराठी शिकवते. वाईट चाललंय असं अजिबात नाही. पण कुणी कौतुकानं विचारलं, भाषेची आवड पहिल्यापासूनच का हो, की नुसता कंटाळा येतो. वडिलांवर चिडावं, तर त्यांनी कधी नाही म्हटलंच नाही. चिडायला समोर माणूस तरी लागतो ना.

परवा माहेरी गेले होते. वडील ओट्यावर बसून शेजाऱ्याला सांगत होते, आमी पोरीला कदी अडवलं न्हाई, तिच्या मनानं शिकली ती. खरंच बोलत होते बिचारे. मी चहा संपवून कप विसळायला आत गेले.

भावाची मुलगी यंदा दहावी झाली. मार्क माझ्यापेक्षा कितीतरी जास्त. तिलाही आजोबांनी तेच सांगून ठेवलंय, अटीसकट. काय घेणार गं, मी विचारलं. मोबाईलमधून मान वर न करता ती म्हणाली, "आदी गाडीच्या येळा बघते, आत्या."

म्हणावंसं वाटलं, मरू दे ती गाडी, माझ्याकडं नगरला राहा आणि बिनधास्त सायन्स घे. खोली आहे, पगार आहे, वीस वर्षं सासरच्या त्या घरात राबतेय मी. अगदी ओठांवर आलं होतं. तिलाही ते कळलं असावं, कारण मोबाईल बाजूला ठेवून ती माझ्याकडं बघायला लागली.

"मी घरी विचारून सांगते," मी म्हणाले.

तिनं बरं म्हटलं आणि मोबाईल पुन्हा हातात घेतला.