कपाटात न सापडलेली फाइल

कोदैनायकी दारातच उभी राहिली. आत या म्हणाली नाही. पायरीवर मुत्तुपेची होती, हातात कोर्टाचा कागद.

"बसच्या ऑफिसातल्या कोदैनायकी तुम्हीच ना?"

"होते. निवृत्त होऊन दोन वर्षं झाली."

"मग हे वाचा. वकिलानं वाचून दाखवलंय, पण मला तुमच्या तोंडून ऐकायचंय."

महामंडळाच्या बसनं मुत्तुपेचीच्या नवऱ्याला केळीच्या पानांच्या भाऱ्यासकट चिरडलं होतं. भरपाईचा निकाल तिच्या बाजूनं लागला. नव्वद दिवसांत करायचं अपील महामंडळानं आठशे बाराव्या दिवशी केलं, आणि सोबत अर्ज जोडला की उशीर माफ करा. माफ झाला, तर पैसे आणखी कित्येक वर्षं अडकणार होते.

कोदैनायकीनं चष्मा लावला. 'संबंधित लिपिकाने सदर फाइल आपल्या कपाटात ठेवली व ती तिच्या निवृत्तीनंतर, कपाट उघडले असता, प्रथमच निदर्शनास आली.' खाली 'संबंधित लिपिक' म्हणून तिचं नाव.

वाक्य तिचंच होतं, स्वल्पविरामासकट.

एकतीस वर्षं ती त्या ऑफिसात होती, आणि तिथली रीत ठरलेली होती. निवृत्त होणाऱ्याला शाल, चंदनाचा हार, मैसूरपाकाचा डबा. आणि तो फाटकाबाहेर पडला की सगळा उशीर त्याच्या माथी. गेलेला माणूस उत्तर द्यायला येत नाही. तिच्या आधीचे लिपिक दैवसिगामणी सार निवृत्त झाले, तेव्हा ही कपाटाची कहाणी तिनंच रचली होती. साहेबांनी पाठ थोपटली होती.

"दोन पोरी आहेत मला," मुत्तुपेची म्हणाली. "आमची फाइल कोंडून तुम्हाला काय मिळालं?"

"मी कोंडली नाही. तिसऱ्या दिवशी साहेबांच्या टेबलावर ठेवली. टपालवहीत त्यांची सही आहे."

"तसं लिहून द्या मग."

कोदैनायकीनं कोर्टाचा कागद परत पुढे केला.

"तुम्हाला नाही जमायचं. पेन्शन खाता ना त्यांची."

कोदैनायकीनं दार लोटायला घेतलं. मुत्तुपेची पायरीवर बसली. "लावा दार. मी बसते. वेळ भरपूर आहे माझ्याकडे, तुमच्याच ऑफिसनं दिलेला."

दार अर्धंच राहिलं. कोदैनायकीनं विधी अधिकारी इलंगोवनना फोन लावला. तिला कानानं कमी ऐकू यायचं, म्हणून फोनचा आवाज नेहमी मोठा ठेवलेला, पायरीपर्यंत पोचेल इतका.

"सार, ते वाक्य काढा."

"का अक्का? तुमचंच आहे. बारा वर्षं झकास चाललंय."

"टपालवहीत तुमची सही आहे."

"आहे. आणि तुमच्या अक्षरातले सतरा मसुदेही आहेत, दैवसिगामणींच्या नावानं. ते वारले, पण त्यांची बायको आहे अजून. पाठवू तिच्याकडे? दहीभात खा, झोपा. उगाच म्हातारपणी शहाणपण नको."

फोन बंद झाला. त्या बाईच्या हातची कॉफी कोदैनायकी दर पोंगलला पीत आली होती. अगदी याही वर्षी.

तिनं कागद ओढला. बराच वेळ लिहीत होती.

"मोठ्यानं वाचा," उंबऱ्यातून हुकूम आला.

"'फाइल माझ्या कपाटात नव्हती. निकालानंतर तिसऱ्या दिवशी ती विधी अधिकाऱ्यांनी टपालवहीत सही करून घेतली. दैवसिगामणी यांच्या कपाटातही कधीच काही सापडले नव्हते. ती कहाणी मी रचली. असे खोटे मसुदे मी एकवीस लिहिले.'"

"तो सतरा म्हणाला."

"चार त्याला सापडले नसतील."

मुत्तुपेचीनं मनाशी हिशेब केला. "एकवीस घरं. आमचं बाविसावं." मग म्हणाली, "देव तुमचं भलं करो वगैरे मी म्हणणार नाही."

"नकोच म्हणूस." कोदैनायकीनं चपला पायात सरकवल्या. "नोटरीसमोर सही मलाच करावी लागेल. चल. वाटेत दैवसिगामणींचं घर आहे, तिथं आधी थांबायचंय. कोर्टातून कळण्याआधी त्यांच्या बायकोला माझ्याकडून कळू दे."

"मी बाहेर उभी राहीन. किती वेळ लागेल?"

"दार उघडलं, तर लागेल वेळ."

मुत्तुपेचीनं कागदाची घडी पदरात खोचली आणि तिच्या दोन पावलं पुढे चालू लागली.