रंगाच्या विभागातले दिग्दर्शक

अल क्वोजच्या आमच्या गोदामात प्रदर्शनांचे स्टॉल तयार व्हायचे. मी ड्रॉइंग्ज बघायचो. नव्वदच्या दशकाच्या मध्यावर रंगाच्या विभागात एक पन्नाशीचे युक्रेनियन गृहस्थ लागले. त्यांची बायको शारजात नर्स होती. हिंदी ते सुतारांकडून शिकले. त्या हिंदीला व्याकरण नव्हतं, पण अडायचं काही नाही.

ते मुळात नट आणि दिग्दर्शक, हे मला बऱ्याच दिवसांनी कळलं. त्यांच्या शहरातल्या थिएटरमध्ये उमेदीची सगळी वर्षं त्यांनी कामं केली, नाटकं बसवली. मग देशातली राजवट कोसळली, पगार थांबले, थिएटरला कुलूप लागलं. थोड्या दिवसांसाठी म्हणून ते इकडे आले आणि राहिले. हे सांगताना हातातला ब्रश चालूच होता.

अल कुसैसला दर शुक्रवारी आम्हा मराठी मंडळींची नाटकाची तालीम असायची. मी त्यांना घेऊन गेलो. मी म्हाताऱ्या बापाचं काम करत होतो, आणि मुलगा गेल्याची बातमी येते तो प्रवेश चालला होता. शब्दही न कळता ते शेवटपर्यंत बसले. चहाच्या वेळी जवळ येऊन हळूच म्हणाले, "माय फ्रेंड, खबर बाद में आता है. तुम पहले से रोता है. तुमको कैसे मालूम?"

पुढच्या तालमीला त्यांनी मला बातमी येईपर्यंत नुसते मटार सोलायला लावले. माझं पाठांतर घेऊन कंटाळलेली माझी बायको त्या दिवशी डोळे पुसत बसली होती.

पुढच्या नाटकात एक मुका नावाडी होता. ते काम तुम्ही करा, असं आम्ही म्हटलं. आपण आता पेंटर आहोत, म्हणून त्यांनी आधी टाळलं, मग तयार झाले. तालमीत त्यांनी फक्त एक दोर गुंडाळला, माणूस गेलेल्या दिशेनं पाहिलं, आणि तो दोर पुन्हा सोडून गुंडाळला. हॉलमध्ये कुणी हललं नाही. तसा अभिनय मी त्यानंतर जवळून पाहिलेला नाही.

प्रयोगाच्या दिवशी अबुधाबीच्या प्रदर्शनाचं काम निघालं आणि मॅनेजरनं त्यांना गाडीत बसवलं. मी विनवून पाहिलं. "खलास, दुसरा माणूस नाही," एवढंच उत्तर मिळालं. नावाडी आमच्यातल्याच एकानं केला. लोकांनी टाळ्या वाजवल्या. आपलं काय हुकलं ते त्यांना ठाऊक नव्हतं.

स्प्रेचा रंग आणि थिनर वर्षानुवर्षं त्यांच्या छातीत गेला होता. आधी खोकला आला, मग आवाज बसला तो बसलाच. नवं शतक लागल्यावर थिएटर पुन्हा उघडलं आणि त्यांना बोलावणं आलं. खास त्यांच्यासाठी एक मोठी भूमिका राखली होती. ती त्यांनी नाकारली, पण परत गेले.

वर्षभरानं मी फोन केला. त्यांच्या बायकोनं सांगितलं, तरुण नटांची नाटकं बसवतात, करून दाखवतात. बोलायचं असेल तर शेजारी बसलेल्याच्या कानात सांगतात. मग ते स्वतः फोनवर आले. श्वासाइतक्या आवाजात म्हणाले, "आओ देखने. नाटक अच्छा है."

मी इन्शाल्ला म्हणालो. जाणं काही झालं नाही.